पाणबुड्याचा कालरक्षक पोशाख

पाण्याखाली काळाची गती बदलली तरी अंगावर घालणाऱ्याचा काळ वरच्या जगाशी जुळता ठेवणारा काल्पनिक पोशाख. असा पोशाख कोणी बनवलेला नाही. कल्पनेमागची भीती मात्र जुनी आहे. योगवासिष्ठातला गाधी नावाचा ब्राह्मण जप करता करता पाण्यात बुडी मारतो आणि तेवढ्या अवधीत मरण, चांडाळकुळात जन्म, कीर देशाचे राज्य असे अख्खे आयुष्य भोगून डोके वर काढतो. जपानी लोककथेतला उराशिमा तारो हा कोळी समुद्रतळीच्या महालात थोडे दिवस राहून परततो, तर गावात तीनशे वर्षे उलटून गेलेली असतात.

व्यापक सापेक्षता सिद्धांताप्रमाणे खाली जावे तसा काळ खरोखरच मंदावतो. पण ७५ मीटर खोलीवरचे घड्याळ वर्षाकाठी एका सेकंदाच्या सुमारे चाळीस लाखाव्या भागाइतकेच मागे पडेल. गुरुत्वाकर्षण अडवणारे कापड नाही, आणि एवढ्याशा फरकासाठी त्याची गरजही नाही. पाणबुड्याच्या जिवावर बेतणारा काळाचा घोटाळा होतो तो त्याच्या मेंदूत आणि रक्तात.

ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ अ‍ॅलन बॅडली यांनी १९६६ साली थंड समुद्रात उतरणाऱ्या पाणबुड्यांना बुडीच्या आधी आणि नंतर सेकंदाला एक या गतीने साठपर्यंत मोजायला सांगितले. अंग गारठल्यावर मोजणी रेंगाळली, म्हणजे त्यांचे मिनिट खऱ्या मिनिटाहून लांबले. साधारण ३० मीटरच्या खाली साध्या हवेतला नायट्रोजनही गुंगी आणू लागतो. त्यात वेळेचा अंदाज सुटतो, आणि आपण शुद्धीवर आहोत ही खात्री मात्र कायम राहते. खरा धोका या खात्रीत आहे.

रक्तातला हिशेब याहून कडक. दर १० मीटरला पाण्याचा दाब एका वातावरणाने वाढतो आणि श्वासातला नायट्रोजन ऊतींमध्ये विरघळत जातो. माणूस घाईने वर आला, तर गोटी सोड्याची बाटली फोडल्यासारखे त्या नायट्रोजनचे बुडबुडे होतात. सांधे धरतात, कधी पक्षाघात होतो, कधी जीव जातो. जे. एस. हॉल्डेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी शेळ्यांवर प्रयोग करून १९०८ साली टप्प्याटप्प्याने वर येण्याची कोष्टके प्रसिद्ध केली. खाली घालवलेल्या वेळेचे देणे वर येताना थांबून फेडायचे, हा त्यांचा सारांश. अमेरिकी नौदलाच्या जुन्या कोष्टकात १८ मीटरवर न थांबता वर येण्याची मुदत ६० मिनिटे होती, ३० मीटरवर अवघी २५.

हे देणे मुळातच होऊ न देणारा पोशाख अस्तित्वात आहे. धातूच्या कवचाच्या या पोशाखात आतला दाब वर असतो तेवढाच राहतो. जोसेफ पेरेस यांनी बनवलेला 'ट्रिटोनिया' घालून जिम जॅरेट बुडालेल्या 'लुसिटानिया' जहाजापर्यंत १९३५ साली पोचला. पुढच्या पिढीतल्या पोशाखाला त्याच्याच नावावरून 'जिम' म्हणू लागले. १९७९ साली सिल्व्हिया अर्ल 'जिम' घालून हवाईजवळ ३८१ मीटर खोल तळावर अडीच तास चालल्या. कल्पनेतल्या पोशाखाच्या सर्वांत जवळ जाणारी खरी वस्तू हीच.

तेलक्षेत्रांवर दुसरी वाट धरतात. मुंबई हायसारख्या ठिकाणी खोल पाण्यातल्या कामासाठी पाणबुडे जहाजावरच्या दाबकोठीत कित्येक दिवस राहतात. ऊती एकदा वायूने पूर्ण भरल्या, की मुक्काम लांबला तरी देणे वाढत नाही; ते शेवटी एकदाच, काही दिवस घेऊन फेडतात. मालवणजवळ तारकर्लीला महाराष्ट्र पर्यटन विकास महामंडळाची (एमटीडीसी) स्कूबा प्रशिक्षण संस्था आहे. मालवणच्या समुद्रात पर्यटकांना नेतात ती खोली इतकी कमी, की हा हिशेब क्वचितच अंगाशी येतो. तरी घड्याळ हवेच. पाणबुड्याच्या घड्याळाची बाहेरची कडी एकाच बाजूला फिरते. तिला धक्का लागला तर गेलेला वेळ जास्त दिसेल, कमी कधीच दिसणार नाही. साऱ्या पोशाखात कालरक्षक म्हणावा असा हा इवलासा भाग आहे.

समुद्र सोडून नदीवर आले, तर कोलाडला (ता. रोहा, जि. रायगड) राफ्टिंग होते त्या कुंडलिका नदीच्या पात्रात पाणबुडा-पोशाख कोणी घालत नाही, तिथे लाइफ जॅकेट आणि हेल्मेट चालते. वेळेचा हिशेब मात्र तिथेही सुटत नाही. मुळशीचे पाणी सह्याद्रीखाली उतरून १९२७ पासून भिऱ्याच्या वीजकेंद्रातली जनित्रे फिरवते आणि मग कुंडलिकेत येते. म्हणून भर उन्हाळ्यात, आभाळात ढग नसतानाही नदी भरून वाहते. साजे गावाजवळून निघणारे राफ्ट सकाळी सुटणाऱ्या या पाण्याच्या वेळेवर चालतात. पाणी ओसरले की उघडे पडणारे दगड नवख्याला निर्धोक वाटतात आणि तो पोराबाळांसह पात्रात उतरतो. वरून सुटलेले पाणी त्याला आधी कळवत नाही. कोलाडला जाणाऱ्याने पात्रात पाय ठेवण्यापूर्वी आज पाणी किती वाजता सुटणार, हे गावातल्या माणसाला विचारावे.