एका डब्यात किती गेम?

रेवदंड्यात रेडिओ-टीव्ही दुरुस्तीचं दुकान म्हटलं की काय काय येतं, विचारू नका. मिक्सर येतो, देवळातला अ‍ॅम्प्लिफायर येतो, होडीवरचा वायरलेस सेट येतो. हल्ली होमस्टेवाले येतात. नागावच्या एकाने पिनबॉलचं डिजिटल मशीन बसवलंय. वरून दिसायला अस्सल: चार पाय, पुढे ओढायचा दट्ट्या, दोन बाजूंना दोन बटणं. पण काचेखाली खिळे नाहीत, स्प्रिंगा नाहीत, पोलादी गोळीही नाही. आडवा झोपवलेला स्क्रीन आहे आणि त्यावर चित्रातली गोळी धावते. मांडव्याच्या रो-रो बोटीने टेम्पोतून आलं ते. आत दहा टेबलं होती. पिनबॉलवाले एकेका खेळाला टेबल म्हणतात. पाहुण्यांची पोरं दहाच्या दहांना कंटाळल्यावर मालक माझ्याकडे आला. "काका, यात अजून गेम टाकून मिळतील का?"

हा प्रश्न मी दुकान उघडल्यापासून ऐकतोय. डबा बदलला, प्रश्न तोच. कोणत्या कंपनीने कधी काय बनवलं हे छापून आलेलं आहे. ते अलिबाग, मुरूड, श्रीवर्धनपर्यंत कसं आलं आणि इथे हातोहात कसं फिरलं, ते कुणी लिहिलेलं माझ्या तरी वाचनात नाही.

सुरुवात बॅगाटेलपासून करावी लागेल. कॅरमच्या शेजारी भिंतीला टेकवून ठेवलेली ती खिळ्यांची फळी चाळिशीपुढच्या वाचकांना आठवत असेल. वरचं टोक गोलाकार, चुकांची अर्धवर्तुळं, त्यांत रंगाने लिहिलेले आकडे आणि बेअरिंगमधल्या असतात तशा गोळ्या. फ्रान्सच्या राजाच्या भावाने १७७७ साली पॅरिसजवळच्या आपल्या बगातेल नावाच्या वाड्यात मेजवानी दिली, तिथून हा खेळ पसरला असं सांगतात. स्प्रिंगच्या दट्ट्याचं पेटंट १८७१ मध्ये अमेरिकेतल्या सिनसिनाटीच्या माँटेग्यू रेडग्रेव्हने घेतलं. गोळीला खालून परत फटका मारणारे फ्लिपर मात्र थेट १९४७ मध्ये, गॉटलिब कंपनीच्या 'हम्प्टी डम्प्टी' मशीनमध्ये आले. तोवर गोळी सोडली की पुढचं सगळं नशिबावर. म्हणूनच न्यूयॉर्क शहराने १९४२ मध्ये पिनबॉलला जुगार ठरवून बंदी घातली आणि ती १९७६ पर्यंत उठवली नाही.

आपल्याकडे त्यासाठी वेगळी बंदी लागली नाही. १८८७ चा मुंबई जुगार प्रतिबंधक कायदा होताच. चौल-भोवाळ्याच्या दत्तजयंतीच्या यात्रेत खिळ्यांचा बोर्ड घेऊन बसणारे लहानपणी मी पाहिलेत. हवालदाराची टोपी लांबून दिसली की बोर्ड पालथा होई आणि त्यावर फुगे मांडले जात. आमच्या घरी मात्र बॅगाटेल हा मे महिन्याच्या दुपारचा सोवळा खेळ होता. आजी गुण मोजायची.

आक्षीच्या मामाकडच्या फळीबद्दल जरा सविस्तर सांगतो, कारण 'अजून गेम' मी पहिल्यांदा पाहिला तो तिच्यावर. दुकानातून आणलेल्या बोर्डाच्या लोखंडी चुका आमच्या खाऱ्या हवेत एका पावसाळ्यात तांबूस होतात. चुकेचं अंग खरखरीत झालं की गोळी तिच्यावरून नीट उसळत नाही, अडखळून सरळ खाली येते आणि सगळ्यांचे गुण सारखेच पडायला लागतात. मामाने पक्कड घेऊन सगळ्या चुका उपटल्या आणि पितळी आणल्या. ठोकताना जुन्या भोकांत न ठोकता त्याने नवी मांडणी केली. मधलं हजाराचं घर काढून कडेला नेलं, त्याच्या तोंडाशी दोन चुका इतक्या जवळ मारल्या की गोळी जेमतेम शिरावी. पुढच्या सुट्टीत तर फळीच्या पाठीलाही कडेने पट्ट्या मारून तिथे दुसरा खेळ ठोकला. एक फळी, दोन टेबलं. बाजारातून काही आणलं असेल तर पावशेर चुका.

मग टीव्ही आला. मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं आणि मध्ये नुसता समुद्रच असल्यामुळे अलिबागच्या कौलांवरचे अँटेने वरळीकडे तोंड करून उभे राहिले. त्यामागोमाग आमचा धंदा आला. टीव्ही गेम आला तो आणखी उशिरा, आणि दोन वाटांनी. एक वाट आखाताची. मुरूड, म्हसळा, श्रीवर्धनच्या कितीतरी घरांतला एखादा तरी माणूस दुबईला, कुवेतला किंवा जहाजावर. तो सुट्टीवर आला की अत्तराच्या बाटल्यांबरोबर पोरांसाठी गेमचा डबा येई. दुसरी वाट मुंबईची: लॅमिंग्टन रोड आणि मनीष मार्केट. भाऊच्या धक्क्यावरून रेवसची लाँच, नाहीतर वडखळवरून एसटी. गणपतीला येणाऱ्या चाकरमान्याच्या पिशवीत मोदकाच्या साच्याशेजारी मी कॅसेट पाहिलीय.

तो डबा मूळचा जपानी. निंटेंडोने १५ जुलै १९८३ ला फॅमिकॉम नावाचा डबा बाजारात आणला आणि पुढे त्याच्या नकला तैवान-चीनमध्ये ढिगाने निघाल्या. आपल्याकडे 'लिटल मास्टर', 'मीडिया' आणि असल्याच नावांनी त्या विकल्या गेल्या. जुन्या ब्लॅक अँड व्हाइट संचांना व्हिडिओची वेगळी खाच नव्हती. मागचा अँटेन्याचा चपटा तार सोडवायचा, त्या जागी गेमची वायर लावायची आणि चॅनलची खुंटी हळूहळू फिरवत मुंग्यांतून मारिओ बाहेर काढायचा. संध्याकाळच्या बातम्यांच्या वेळी वडील घरात आले की उलटी यातायात. अँटेन्याचे स्क्रू झिजवून पोरांनी माझं घर चालवलं असं म्हणायला हरकत नाही.

या डब्यात गेम वाढवायचा तर कॅसेट बदलायची. आम्ही सगळे कॅसेटच म्हणायचो. खाली तांब्याच्या साठ पट्ट्या, आत एक छोटं कार्ड आणि त्यावर डांबराच्या थेंबासारखा काळा ठिपका. त्या ठिपक्याखाली चिप. लेबलवर '६४ इन १' लिहिलेलं असे, पुढे '९९९९९९९ इन १' आलं. मी अशी एक रात्रभर बसून तपासलीय. गेम हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. बाकी सगळे तेच गेम. कुठे मारिओ तिसऱ्या लेव्हलपासून सुरू होतो, कुठे रणगाडा वेगळ्या नकाशात. यंत्राला कॅसेटमधला प्रोग्रॅम एका वेळी फक्त ३२ किलोबाइट दिसतो. मोठ्या चिपचे तेवढे तेवढे तुकडे पाडायचे आणि यादीत बोट ठेवाल तो तुकडा समोर सरकवायचा, एवढं काम एक स्वस्त आयसी करते. अख्खा 'सुपर मारिओ ब्रदर्स' चित्रांसकट ४० किलोबाइटचा. आज एखाद्या लग्नपत्रिकेचा फोटो त्याच्या पन्नास पट असतो. कायद्याच्या भाषेत ती सगळी चोरीच होती. पण खरी कॅसेट अलिबागच्या बाजारात नव्हतीच, तेव्हा पोरांपुढे निवड करायचा प्रसंगच आला नाही.

आमच्या पट्ट्यातल्या बऱ्याच जणांनी पिनबॉल पहिल्यांदा पाहिला तो याच कॅसेटवर. निंटेंडोचा १९८४ चा 'पिनबॉल', वरचं आणि खालचं असे दोन पडदे, आणि मध्येच एका जादा खोलीत मारिओ डोक्यावर फळी घेऊन गोळी झेलतो. तो बनवणाऱ्यांत सातोरू इवाता होता, जो पुढे २००२ मध्ये निंटेंडोचा अध्यक्ष झाला. इथे कुणाला ते माहीत नव्हतं. "चुकांचा गेम लाव," असं थळच्या कोळीवाड्यातली पोरं म्हणायची. बॅगाटेल त्यांच्याही घरी होतंच.

आता मुद्द्याची गोष्ट. नवी कॅसेट विकत घेणारे थोडे होते. मी दुकानात वही ठेवली होती: दिवसाचं भाडं दहा रुपये, अनामत म्हणून तुझी एक कॅसेट माझ्याकडे. लवकरच पोरांच्या लक्षात आलं की अनामत ठेवलेली कॅसेट मी पुढच्याला देतो, मग मी मध्ये कशाला हवा? कुरुळच्या आरसीएफ कॉलनीतली कॅसेट थळला, थळची चौलला, चौलची मुरूडच्या मामेभावाकडे. पावसाळ्यात गेटवे-मांडवा लाँच बंद असते, मुंबईचा माल कमी येतो. त्या चार महिन्यांत गावातल्या गावातच अदलाबदल जोरात चाले. एका घरात दोन कॅसेट असल्या तरी वाडीत मिळून चाळीस गेम होते. परत येताना कॅसेट चालत नसे ती गोष्ट निराळी. पोरं फुंकर मारत. फुंकरीने धूळ जाते आणि तोंडाची वाफ पट्ट्यांवर बसते. आधीच खारट हवा, त्यात वाफ, मग पट्ट्यांवर हिरवट थर. मी खोडरबराने घासून, पेट्रोलचा बोळा फिरवून द्यायचो.

१ एप्रिल २००१ ला आयातीवरचे उरलेसुरले संख्येचे निर्बंध उठले आणि चिनी डबे भाजीच्या गाड्यांशेजारी मिळू लागले. तोवर पोरं सायबर कॅफेत गेली होती.

तिथे विंडोजमधला पिनबॉल होता, 'स्पेस कॅडेट'. हा १९९५ चा. 'फुल टिल्ट' नावाच्या विकतच्या गेममध्ये तीन टेबलं होती, त्यातलं एकच विंडोजबरोबर फुकट आलं. अलिबागेत ज्यांनी तासाच्या हिशेबाने ते खेळलं, त्यांना बाकीची दोन असल्याचा पत्ताही नव्हता. विंडोज व्हिस्टामध्ये तो गेम गायब झाला. मायक्रोसॉफ्टचे रेमंड चेन यांनी पुढे कारण लिहिलं: ६४ बिटांसाठी प्रोग्रॅम जुळवताना गोळी टेबलातून आरपार पडायला लागली आणि चूक सापडेना. आमच्याकडे त्यावर उपाय निघाला तो कॅसेटच्याच चालीचा. जुन्या एक्सपीवरचं पिनबॉलचं फोल्डर पेन ड्राइव्हवर घ्यायचं आणि नव्या संगणकात चिकटवायचं. ते चालायचं. त्या पेन ड्राइव्हने किती गावं पाहिली असतील कोण जाणे.

खऱ्या पिनबॉलवाल्यांनीही एकाच पेटीत दुसरा खेळ बसवून पाहिला. शिकागोच्या विल्यम्स कंपनीने १९९९ मध्ये 'पिनबॉल २०००' काढलं. त्यात खेळाची फळीच उचलून दुसरी टाकता यायची. मामाचीच कल्पना, फक्त महाग. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये विल्यम्सने पिनबॉलचा विभाग बंद केला. आणि पुढच्याच वर्षी, २००० मध्ये, रँडी डेव्हिसने 'व्हिज्युअल पिनबॉल' हा प्रोग्रॅम दिला, ज्यात हौशी माणसाला स्वतःचं टेबल काढता येतं. आज घरी येणाऱ्या डिजिटल मशीनचा धंदा त्यानंतरचा.

नागावच्या मशीनमध्ये गेम टाकायची अधिकृत सोयच नव्हती. वॉरंटी संपली होती, म्हणून मागचं झाकण उघडलं. छोटा विंडोज संगणक आडव्या स्क्रीनला जोडला, बटणांच्या वायरी की-बोर्डच्या भाषेत बोलणाऱ्या एका बोर्डावर घेतल्या. व्हिज्युअल पिनबॉलला डावा फ्लिपर म्हणजे डावी शिफ्ट, उजवा म्हणजे उजवी शिफ्ट, दट्ट्या म्हणजे एंटर, नाणं म्हणजे ५, सुरुवात म्हणजे १. एवढ्यावर काम होतं. हौशी लोकांनी स्वतः रचलेली टेबलं टाकून दिली. जुन्या मशीनच्या चिपमधला मूळ प्रोग्रॅम अजून कंपन्यांच्या मालकीचा आहे, तो टाकायला मी नाही म्हटलं. कॅसेटच्या काळात दुसरं काही मिळत नव्हतं, आता पैसे देऊन मिळतं.

पण पैसे देऊन काय मिळतं, ते बघा. ज्या मशीनना नेटची जोडणी आहे त्यांत नवं टेबल ऑनलाइन घ्यायचं. ते तुमच्या खात्यावर चढतं, तुमच्या मशीनवर उघडतं. आक्षीच्या शेजाऱ्याला आठवड्यासाठी देता येत नाही, कंटाळा आल्यावर बदलून घेता येत नाही, विकता येत नाही. टेबलांची संख्या शेकड्यांत गेली तरी माझ्या हिशेबी ती '९९९९९९९ इन १' पेक्षा गरीबच. आमची वाडी दोन-दोन कॅसेटवर चाळीस गेम खेळली. शंभर टेबलांचा होमस्टेवाला एकटाच खेळतो. आणि निसर्ग वादळानंतर, जून २०२० मध्ये, आमच्याकडे कित्येक गावांत आठवडेच्या आठवडे ना वीज होती ना नेट. तेव्हा पोरं माळ्यावरच्या कॅरमकडेच वळली.

तरी घेणार असाल तर जरूर घ्या, खेळ झकास आहे. दुकानदाराला तीन गोष्टी आधी विचारा. नवं टेबल फक्त नेटवरूनच येतं की पेन ड्राइव्हनेही चालतं? मशीनला बाहेरचा संगणक जोडायची खाच आहे का? आणि कंपनीचा सर्व्हर बंद झाला तर विकत घेतलेली टेबलं उघडतील का? तिसऱ्याचं उत्तर लेखी घ्या. बाकी खाऱ्या हवेसाठी मागच्या झाकणाशी सिलिका जेलच्या पुड्या ठेवा आणि पावसाळ्यात आठवड्यातून एकदा तरी मशीन तासभर चालू ठेवा.