प्रागची हेव्रा कदिशा

मृताची शेवटची सेवा हे ज्यू परंपरेत मोठे पुण्यकर्म मानले जाते, कारण त्याची परतफेड मृताकडून होऊ शकत नाही. या सेवेसाठी प्रागच्या ज्यू वस्तीत 1564 मध्ये ‘हेव्रा कदिशा’ हे मंडळ स्थापन झाले. आजाऱ्याची विचारपूस करणे, मरणासन्न माणसाजवळ बसणे, मृतदेहाला विधिपूर्वक स्नान घालणे आणि दफन करणे ही सभासदांची कामे होती. पुरुषांना पुरुष व स्त्रियांना स्त्रिया स्नान घालत. कफन श्रीमंताला आणि गरिबाला सारखेच, साध्या पांढऱ्या कापडाचे असे. अठराव्या शतकात मंडळाने ही सगळी कामे चित्रमालिकेत रंगवून घेतली.

या वस्तीतील जुन्या ज्यू दफनभूमीला वाढायला जागा नव्हती. म्हणून आधीच्या थडग्यांवर नवी माती टाकून पुन्हा दफन होई आणि थडग्यांच्या जुन्या शिळा वर आणून उभ्या केल्या जात. आज तेथे सुमारे 12,000 शिळा एकमेकींना खेटून उभ्या आहेत. सर्वांत जुनी 1439 ची आहे. सम्राट दुसऱ्या जोसेफच्या काळात शहरातील दफनावर बंदी आली आणि 1787 मध्ये तेथील शेवटचे दफन झाले. शेजारची मंडळाची इमारत आता प्रागच्या ज्यू संग्रहालयाचा भाग आहे.