पालेकरांच्या व्हायरल व्हिडिओमागचे प्रभाकर बर्वे कोण?

फेब्रुवारी २०१९. मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात अमोल पालेकरांना भाषणात वारंवार अडवलं गेलं आणि तो व्हिडिओ गाजला. प्रदर्शन ज्यांच्या चित्रांचं होतं, ते प्रभाकर बर्वे (१९३६–१९९५) मात्र त्या गदारोळात मागेच राहिले.

जन्म अलिबागजवळच्या नागावचा, शिक्षण जे.जे.त. विणकर सेवा केंद्राच्या नोकरीमुळे १९६१ ते १९६५ ते बनारसला होते. तिथे तंत्रपरंपरेतली चिन्हं त्यांच्या चित्रांत शिरली. पुढेही तशीच चित्रं काढत राहणं सोपं होतं. पण बर्वे हळूहळू त्यापासून दूर गेले आणि पान, घड्याळ अशा साध्या वस्तूंकडे वळले. रंगही एनॅमलचे, म्हणजे दारं-खिडक्या रंगवतात तसले!

आमच्या निफाडात द्राक्षाचं पान हातात आलं की माणूस आधी रोग शोधतो. बर्वेंचं पान कुठल्याच वेलीचं नाही; ते मोकळ्या जागेत एकटंच असतं आणि आपण बघत राहतो.

हा प्रवास आतून कसा घडला, ते त्यांनी मराठीतच लिहून ठेवलंय, रोजनिशींत आणि १९९० च्या ‘कोरा कॅनव्हास’मध्ये. पुस्तक थोडं जड आहे. आधी चित्रं बघा, मग वाचा.