‘टू-फोर-डी’ : एका नावाचे दोन अर्थ

अमरावती जिल्ह्यातील बडनेरा हे मुंबई-हावडा लोहमार्गावरील जंक्शन. त्याच्या चहूकडे काळ्या जमिनीत कपाशी, तूर आणि सोयाबीन उभे असते. याच जिल्ह्याच्या ईशान्येला, वरुड आणि मोर्शी तालुक्यांत, संत्र्याच्या बागा आहेत. या दोन्ही पट्ट्यांत एक रसायन सारखेच परिचित आहे. संत्रा उत्पादक त्याला फळगळ थांबविणारे ‘संजीवक’ म्हणतात, तर कपाशीचा शेतकरी त्याच्या नावानेच धास्तावतो. कृषी सेवा केंद्रात मात्र दोघेही एकच शब्द उच्चारतात : ‘टू-फोर-डी’. या तीन अक्षरांमागे नेमके काय दडले आहे, हे जाणून घेणे केवळ रसायनशास्त्राच्या कुतूहलाचा विषय नाही. वऱ्हाडात त्यावर हंगाम तरतो किंवा बुडतो.

नावाची फोड

या रसायनाचे पूर्ण नाव ‘२,४-डायक्लोरोफिनॉक्सी ऍसेटिक ऍसिड’ असे आहे. नाव लांबलचक असले तरी ते मनमानी नाही. रेणूची रचना शब्दांत सांगणारा तो नकाशाच आहे. ‘डाय’ म्हणजे दोन आणि ‘क्लोरो’ म्हणजे क्लोरीन. हिरवट-पिवळा या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून क्लोरीन वायूला त्याच्या रंगामुळे हे नाव मिळाले. ‘फिनॉक्सी’ म्हणजे सहा कार्बन अणूंचे कडे ऑक्सिजनच्या अणूमार्फत पुढच्या भागाला जोडलेले आहे, असा अर्थ. ‘ऍसेटिक ऍसिड’ म्हणजे शिरक्यातील आम्ल. लॅटिनमध्ये शिरक्याला ‘ऍसिटम’ म्हणतात. थोडक्यात, शिरक्याच्या आम्लाचे शेपूट लावलेले आणि दोन क्लोरीन अणू धारण करणारे कार्बनचे कडे, असा या नावाचा सरळ अर्थ होतो. या रेणूत आठ कार्बन, सहा हायड्रोजन, दोन क्लोरीन आणि तीन ऑक्सिजन अणू असतात.

आता राहिले आकडे. कड्यातील ज्या कार्बनला ऑक्सिजन जोडलेला असतो, त्याला पहिला क्रमांक देतात आणि तेथून पुढे मोजतात. दुसऱ्या आणि चौथ्या कार्बनवर क्लोरीन असल्यामुळे ‘२,४’. म्हणून हे आकडे ‘चोवीस’ असे वाचायचे नसून ‘दोन, चार’ असे वाचायचे असतात. मधला स्वल्पविराम येथे शोभेचा नाही. हेच दोन क्लोरीन अणू दुसऱ्या आणि सहाव्या जागी बसविले, तर अणूंची संख्या तीच राहूनही ते रसायन वनस्पतींवर संजीवक म्हणून जवळजवळ निष्क्रिय ठरते. पाचव्या जागी आणखी एक क्लोरीन जोडला, तर ‘२,४,५-टी’ हे निराळेच तणनाशक तयार होते. ‘डी’ हे डायक्लोरो नावाचे, तर ‘टी’ हे ट्रायक्लोरो नावाचे लघुरूप होय.

संप्रेरक, संजीवक आणि तणनाशक

‘हॉर्मोन’ हा शब्द इंग्रज शरीरशास्त्रज्ञ अर्नेस्ट स्टारलिंग यांनी १९०५ मध्ये रूढ केला. चेतविणे, गती देणे या अर्थाच्या ग्रीक क्रियापदावरून तो आला. मराठी पाठ्यपुस्तकांनी त्यासाठी ‘संप्रेरक’ ही संज्ञा स्वीकारली; प्रेरणा देणारे ते संप्रेरक, हा अर्थ मूळ शब्दाशी चपखल जुळतो. शेतीच्या व्यवहारात मात्र ‘संजीवक’ हा शब्द रुळला. तो कानाला गोड असला तरी दिशाभूल करणारा आहे. संप्रेरक केवळ संदेश देते. त्या संदेशाने वाढ होईल, वाढ थांबेल की झाड मरेल, हे मात्रा, वेळ आणि वनस्पतीची जात यांवर अवलंबून असते. जीवन देण्याचे वचन त्यात मुळीच नसते.

झाडाच्या शेंड्यात तयार होऊन खाली वाहणारे, पेशींची लांबी वाढविणारे नैसर्गिक संप्रेरक ‘ऑक्सिन’ या नावाने ओळखले जाते. डच वनस्पतिशास्त्रज्ञ फ्रिट्स वेंट यांनी १९२० च्या दशकाच्या उत्तरार्धात ओटच्या अंकुरांवर प्रयोग करून त्याचे अस्तित्व सिद्ध केले. पुढे १९३० च्या दशकात या गटातील मुख्य पदार्थ इंडोल ऍसेटिक ऍसिड असल्याचे स्पष्ट झाले. शिरक्याच्या आम्लाचे शेपूट त्याच्याही रेणूला आहे, ही बाब लक्षात घेण्याजोगी आहे. त्या शेपटाशी साम्य असलेले कृत्रिम पदार्थ शोधण्याचा सपाटा मग सुरू झाला. नॅफ्थॅलिन ऍसेटिक ऍसिड, म्हणजे कपाशीची पाते-फुले गळू नयेत म्हणून आज अत्यल्प मात्रेत फवारले जाणारे ‘एनएए’, हे त्याच कुळातले.

२,४-डीची निर्मितीपद्धत रॉबर्ट पोकोर्नी यांनी १९४१ मध्ये प्रसिद्ध केली. अमेरिकेतील बॉइस थॉम्पसन संस्थेच्या झिमरमन आणि हिचकॉक यांनी १९४२ मध्ये त्याचा संप्रेरकासारखा प्रभाव नोंदविला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ब्रिटन आणि अमेरिकेतील संशोधकांच्या निरनिराळ्या गटांना, एकमेकांपासून स्वतंत्रपणे, आणखी एक गोष्ट आढळली : हेच द्रव्य जास्त मात्रेत दिल्यास रुंद पानांची तणे मरतात आणि गवतवर्गीय पिके तगून राहतात. महायुद्ध संपताच ते तणनाशक म्हणून बाजारात आले. म्हणजे संजीवक आणि तणनाशक ही या रसायनाची दोन्ही रूपे जवळजवळ जुळी आहेत.

मारण्याची रीत

नैसर्गिक ऑक्सिनचे काम संपले की झाड ते मोडून टाकते किंवा बांधून ठेवते. २,४-डी त्या मानाने सहजी मोडत नाही. परिणामी रुंद पानांच्या वनस्पतीत ‘वाढ, वाढ’ असा हुकूम अखंड सुटत राहतो. खोड पिळवटते, पाने वेडीवाकडी होतात, पेशींची रचना विस्कटते, अन्नपाण्याच्या वाहिन्या निकामी होतात आणि अखेर रोप कोलमडते. तण विषाने जळत नाही, ते बेताल वाढीने मरते. ज्वारी, गहू, मका, ऊस ही गवतवर्गीय पिके मात्र या द्रव्याचे वहन आणि विघटन निराळ्या रीतीने करीत असल्यामुळे शिफारशीच्या मात्रेत टिकतात. ऑक्सिनचा हा संदेश पेशीत नेमका कोणते प्रथिन टिपते, याचा उलगडा २००५ मध्ये झाला.

वऱ्हाडाची अडचण येथेच आहे. कपाशी, तूर, सोयाबीन, मूग, उडीद ही खरिपातील बहुतेक सर्व पिके रुंद पानांची. गवतवर्गीय ज्वारीचा पेरा पूर्वीइतका राहिलेला नाही. त्यामुळे तणनाशक म्हणून २,४-डीला खरिपाच्या शिवारात निर्धोक जागा फार थोडी उरते. धुऱ्यावरचे गाजरगवत, उसाचे एखादे शेत किंवा रब्बीतील गहू, एवढेच त्याचे खरे क्षेत्र.

संत्र्याच्या देठाशी

संत्र्याचे फळ झाडावर टिकते ते त्याच्या देठाशी असलेल्या पेशींच्या एका पातळ थरामुळे. फळाकडून ऑक्सिनचा पुरवठा सुरळीत असेपर्यंत हा थर घट्ट राहतो. पाण्याचा ताण, सततचा पाऊस किंवा अन्नद्रव्यांची कमतरता यांमुळे तो पुरवठा घटला, की थर सैल होतो आणि फळ गळते. बाहेरून अत्यल्प ऑक्सिन दिल्यास गळ रोखता येते, या तत्त्वावर आंबिया आणि मृग बहारातील फळगळीसाठी २,४-डी किंवा जिब्रेलिक ऍसिड वापरण्याची शिफारस केली जाते. १०० लिटर पाण्यात दीड ग्रॅम, सोबत युरियासारखे खत, हे तिचे परिचित प्रमाण. शुद्ध २,४-डी पाण्यात सहज विरघळत नसल्याने ते आधी थोड्या अल्कोहोलमध्ये विरघळवून घ्यावे लागते.

येथे हिशेब महत्त्वाचा आहे. १०० लिटरला दीड ग्रॅम म्हणजे लिटरला १५ मिलिग्रॅम, अर्थात १५ पीपीएम. दहा लाख भाग पाण्यात १५ भाग. याउलट तणनाशक म्हणून हेक्टरी एक किलो क्रियाशील घटक ५०० लिटर पाण्यातून फवारल्यास प्रमाण लिटरला दोन ग्रॅम, म्हणजे २००० पीपीएम होते. दोहोंत सुमारे १३३ पटींचे अंतर आहे. दशांश चिन्हाची किंवा मापाच्या झाकणाची एक चूक फळ टिकविणाऱ्या द्रावणाचे रूपांतर बागेची पाने आखडविणाऱ्या द्रावणात करू शकते. शिवाय बुरशीमुळे किंवा रस शोषणाऱ्या पतंगामुळे होणारी फळगळ कोणत्याही संजीवकाने थांबत नाही. कारण न ओळखता केलेली फवारणी वाया जाते.

कपाशीची ‘भेंडी’

२,४-डीबाबत सर्वांत हळव्या पिकांत कपाशीची गणना होते. तणनाशकाच्या मात्रेचा शंभरावा अंशही तिला पुरतो. शेजारच्या शेतातून वाऱ्याने आलेले तुषार किंवा न धुतलेल्या पंपाच्या नळीत राहिलेले थेंब पुरेसे असतात. नवी पाने रुंद न होता लांबट, बोटांसारखी चिरलेली निघतात आणि त्यांच्या शिरा जवळजवळ समांतर दिसतात. भेंडी आणि कपाशी एकाच कुळातील असल्याने हे साम्य नजरेत भरते; म्हणून ‘कपाशीची भेंडी झाली’ असे वर्णन केले जाते. पाते गळतात आणि बोंडधारणा लांबते.

हे लक्षण पाहून बियाणे बोगस निघाले किंवा विषाणूजन्य रोग आला, असा समज होणे स्वाभाविक आहे. फरक ओळखण्याच्या खुणा मात्र आहेत. २,४-डीची इजा नव्या पानांवर दिसते, आधीची पाने सहसा धड असतात. ज्या बाजूने वारा वाहिला त्या धुऱ्याकडे ती अधिक असते, किंवा त्या पंपाने फवारलेल्या ओळीच तेवढ्या बाधित होतात. तुडतुड्यांमुळे मात्र पानांच्या कडा खाली किंवा वर मुरडतात आणि लालसर होतात. इजा सौम्य असेल तर विकृत शेंडे खुडणे, हलक्या प्रमाणात युरियाची फवारणी आणि ओलीत यांमुळे काही आठवड्यांत नवी पाने पूर्ववत येऊ लागतात. तीव्र इजेवर मात्र उतारा नाही.

एक नाव, अनेक रूपे

‘टू-फोर-डी’ या एका शब्दाखाली भारतीय बाजारात निरनिराळी रूपे मिळतात : ८० टक्के सोडियम क्षार, ५८ टक्के डायमिथाइल अमाइन क्षार आणि ३८ टक्के इथाइल एस्टर. क्षार सहजासहजी उडून जात नाहीत. एस्टरची मात्र वाफ होते, आणि फवारणी आटोपल्यावरही ती उन्हात हवेबरोबर शेजारच्या शेतात जाऊ शकते. संजीवक म्हणून सांगितलेले प्रमाण शुद्ध द्रव्याचे असते. तेच प्रमाण तणनाशकाच्या डब्याला जसेच्या तसे लावणे चुकीचे, आणि संत्र्यासाठी एस्टर वापरणे धोक्याचे.

कायद्याच्या भाषेत तर या रसायनाला तिसरेच नाव आहे. १९६८ च्या कीटकनाशक कायद्याच्या परिशिष्टात त्याचा समावेश असल्याने, एकही कीड न मारणारे हे द्रव्य कायद्याने ‘कीटकनाशक’ ठरते. मे २०२० मध्ये केंद्र सरकारने २७ कीटकनाशकांवर बंदी घालण्याचा जो मसुदा काढला, त्यात २,४-डीचेही नाव होते. २०२३ च्या अंतिम बंदीत मात्र ते नव्हते.

माणसाच्या शरीरात ऑक्सिनचा संदेश टिपणारी यंत्रणा नाही, म्हणून माणसासाठी ते ‘हॉर्मोन’ नव्हे. याचा अर्थ ते निरुपद्रवी आहे असा नाही. डोळ्यांना त्याची तीव्र इजा होऊ शकते. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने २०१५ मध्ये ते ‘कदाचित कर्करोगकारक’ या गटात ठेवले. व्हिएतनाम युद्धात अमेरिकी सैन्याने फवारलेल्या ‘एजंट ऑरेंज’मध्ये २,४-डी आणि २,४,५-टी समप्रमाणात होते. त्यातील कुख्यात डायॉक्सिनचा दोष प्रामुख्याने २,४,५-टीच्या निर्मितीतून आला होता. त्या नावातील ‘ऑरेंज’चा संत्र्याशी संबंध नाही, पिंपांवरील नारिंगी पट्ट्यावरून ते पडले होते.

विचारायचे ते प्रश्न

डब्यावर व्यापारी नाव ठळक असते, रासायनिक नाव बारीक. वाचायचे ते बारीक अक्षर. त्यातून तीन गोष्टी कळतात : कोणते रूप, किती टक्के आणि कोणत्या पिकासाठी. तणनाशकासाठी वेगळा पंप ठेवणे हा सर्वांत स्वस्त विमा होय. शेजारी कपाशी किंवा तूर उभी असताना वारा वाहत असल्यास फवारणी पुढे ढकलणे, ही शेजारधर्माचीही बाब आहे. आणि दुकानात केवळ ‘टू-फोर-डी द्या’ असे न म्हणता ते कशासाठी हवे आहे हे सांगावे. कारण हे नाव रेणूची रचना अचूक सांगते, पण तो रेणू फळ राखणार की पीक घालविणार, हे डब्यावरचे प्रमाण आणि पंप धरणारा हात ठरवितो.