बोळ्याचं दूध

अजाण माणसाला आपण विचारतो, “बोळ्यानं दूध पितोस का?” आमच्या घरात तो बोळा खरोखरचा होता. आजी जुन्या लुगड्याची चिंधी बोटाएवढी पिळायची, शेळीच्या कोमट दुधात बुडवायची आणि आई मेलेल्या डुकराच्या पिल्लाच्या तोंडात द्यायची.

आम्ही वडार. आजोबा ओझरला आले ते 1964 नंतर, मिग विमानांचा कारखाना उभा राहत होता तेव्हा, खडी फोडायला. सोबत दोन गाढवं आणि चार डुकरिणी. 1871चा गुन्हेगार जमाती कायदा 1952 साली उठला होता, पण पाल पडायचं ते गावाबाहेरच. ज्याला शेत नाही त्यानं गाय कशावर पोसायची? डुकराला कडबा लागत नाही, कुरण लागत नाही. लग्न निघालं, दवाखाना निघाला की एक विकायचं.

डुकरीण 114 दिवसांनी विते. एका वर्षी आमची एक वितानाच गेली, मागं नऊ पिल्लं. आजीची पहिली धावपळ चिकासाठी. या पिल्लांना आईच्या पोटात रोगाशी लढायची ताकद मिळत नाही, ती चिकातूनच येते, आणि पहिला दिवस सरला की आतडं ती शोषून घेईनासं होतं. आजीला कारण ठाऊक नव्हतं, घाई मात्र ठाऊक होती. दुसरी डुकरीण व्यालेली नव्हती. नुकत्याच व्यालेल्या गाईचा चीक तिनं एका घरून मागून आणला, करडासाठी हवाय असं सांगून. डुकरासाठी म्हटलं असतं तर मिळाला नसता. हे सांगताना तिचा आवाज अजूनही बसायचा.

पिल्लाला उताणं कधी धरायचं नाही, दूध फुप्फुसात जातं. पोटावर ठेवायचं, मान जराशी वर. चुलीजवळ गोणपाटात ऊब द्यायची, कारण त्याच्या अंगावर ना लोकर ना चरबी. दर दोन-अडीच तासांनी पाजायचं, रात्रीसुद्धा. सुळे जन्मतःच टोकदार, चिंधी फाटून गिळली जाण्याची भीती. म्हणून पुढे वडिलांनी सलाईनच्या बाटलीला सायकलच्या व्हॉल्व्हची रबरी नळी बसवली. कारखान्यामुळे ओझरात सायकली चिक्कार, नळीचा तुकडा कुठंही मिळे. रबरी बोंडी बरीच नंतर आली. नवातली सहा जगली.

आणि खाणीतला तांबडा मुरूम. आजी तो रोज पाटीभर पिल्लांपुढे ओतायची. नाहीतर तिसऱ्या आठवड्यात ती पांढरी पडून धापा टाकतात. दुधात लोह फार कमी, हे ब्रिटनमधल्या संशोधकांनी 1920च्या दशकात मांडलं. मातीत तोंड घालणारं पिल्लू ते मातीतून मिळवतं. मला हे पशुवैद्यांकडून कळलं, ते तिसऱ्या दिवशी लोहाची सुई द्यायला आले तेव्हा.

सुई आली तरी आजीनं पाटी थांबवली नाही. म्हणाली, “उकरायला तर मिळू दे त्यांना.”