कुलाब्याच्या घड्याळाप्रमाणे

ओहोटी कधी लागते याची वाट बघत अलिबागच्या किनाऱ्यावर ताटकळणाऱ्यांना किल्ला दिसतो. शेजारच्या चुंबकीय वेधशाळेकडे सहसा कुणी वळत नाही. ही वेधशाळा १९०४ पासून अलिबागेत आहे, पण तिच्या नोंदवह्या त्याहून जुन्या, मुंबईतल्या कुलाब्याहून आलेल्या. त्यातल्या एका दिवसाची ही हकीकत. वेळा मुंबईच्या जुन्या स्थानिक घड्याळातल्या आहेत. आजची वेळ हवी तर ३९ मिनिटे मिळवावीत.

गुरुवार, १ सप्टेंबर १८५९, दुपारी ४ वाजून ९ मिनिटे
लंडनजवळ रेडहिलला सकाळचे ११:१८ झाले आहेत. रिचर्ड कॅरिंग्टन सूर्यावरचे डाग कागदावर उतरवत असताना एका डागसमूहावर दोन लखलखीत ठिपके उमटतात. साक्षीदार आणायला तो धावतो. परत येईतो ते मावळत चाललेले. पाच मिनिटांत खेळ संपतो. रिचर्ड हॉजसन या दुसऱ्या निरीक्षकाने हायगेटहून तेच पाहिले, म्हणून निदान कॅरिंग्टनला भास झाला असे कुणाला म्हणता आले नाही. मुंबईत ऊन उतरणीला लागले आहे. सूर्यावरून निघालेले चुंबकभारित वायूचे प्रचंड लोट पृथ्वीच्या वाटेला लागले आहेत, आणि हे पृथ्वीवर कुणालाही ठाऊक नाही.

संध्याकाळ ते पहाट
गणपतीचा आठवडा. कुलाब्याची वेधशाळा कंपनी सरकारने १८२६ मध्ये काढली ती जहाजांना अचूक वेळ मिळावी म्हणून. चुंबकीय वेध १८४१ पासून सुरू झाले. फोटोचा कागद अजून इथे आलेला नाही. टांगलेल्या चुंबकाला आरसा, समोर दुर्बीण, आरशात दिसणारी मोजपट्टी. तासाचा ठोका पडला की डोळा लावायचा, आकडा वाचायचा, वहीत लिहायचा. रात्रीही तेच, पावसातही तेच.

या कामात अलिबागजवळच्या नागावचे गणिती केरूनाना छत्रे तरुणपणी घडले होते. १८५९ साली मात्र ते पुण्यात शिकवत होते; पुढच्याच वर्षी त्यांची ‘ग्रहसाधनाची कोष्टके’ छापून आली. ते इथे असते तर, हा विचार मनात येतोच. पण चुंबकासमोर त्या रात्री जे मदतनीस बसले होते, त्यांनीही कामात कसूर केली नाही.

शुक्रवार, २ सप्टेंबर, सकाळी ९ ते १०
आकडे हलू लागतात. २८ ऑगस्टलाच एक चुंबकीय वादळ येऊन गेले होते, त्यामुळे चलबिचल नवी नाही. पण ही चाल वेगळी. तासाची शिस्त मोडून पंधरा मिनिटांनी, मग पाच मिनिटांनी वाचन सुरू होते. माझ्या मते सगळ्या हकिकतीतला मोठा निर्णय हाच. इंग्लंडमध्ये क्यूच्या वेधशाळेत यंत्र आपोआप कागदावर रेघ काढत होते. वादळाने ती रेघ कागदाबाहेर नेली. डोळ्याने वाचणाऱ्याला मोजपट्टीचा पाठलाग करता येतो.

सकाळी सव्वाअकराच्या सुमारास
आडव्या चुंबकीय बलाचा आकडा सुमारे १,६०० नॅनोटेस्लाने कोसळलेला. मुंबईतल्या एकूण आडव्या बलाच्या जवळपास चार टक्के. १९८९ मध्ये कॅनडातल्या क्वेबेकची वीज नऊ तास घालवणारे वादळ जागतिक निर्देशांकावर ५८९ चे होते. दोन मापे तंतोतंत एक नव्हेत, एका ठिकाणचा आकडा जास्त भरू शकतो. तरी अंदाज यावा.

मुंबईत लख्ख दिवस, त्यामुळे आकाशात काही दिसण्याचा प्रश्न नाही. अमेरिकेत मध्यरात्रीचा सुमार आहे. रॉकी पर्वतातले सोने शोधणारे मजूर ध्रुवीय प्रकाशाच्या उजेडाने जागे झाले, उजाडलेच असे समजून न्याहारी करायला लागले.

दुपार
आकडा पडला तसाच घाईने वर येऊ लागतो.

संध्याकाळी सातच्या सुमारास
बॉस्टन आणि पोर्टलंडचे तारबाबू बॅटऱ्या सोडवून ठेवतात आणि तारेत आपोआप वाहणाऱ्या विजेवर संदेश पाठवतात. काम उलट बरे चालते, असे ते एकमेकांना कळवतात.

नंतर
फर्ग्युसन या अधीक्षकाच्या नावावर त्या वर्षीचे आकडे छापले गेले आणि कपाटात गेले. मुंबईत विजेच्या ट्राम येणार, त्या चुंबकांना नासवणार, म्हणून वेधशाळेचे प्रमुख नानाभाई मूस यांनी हे काम अलिबागला हलवले. दोन वर्षे दोन्हीकडे एकदम वेध घेतले, नोंदींची साखळी तुटू नये म्हणून. इमारतीत लोखंड टाळले. २००३ मध्ये ब्रूस त्सुरुतानी, गुरबक्ष लाखिना आणि सहकाऱ्यांनी कुलाब्याचे ते आकडे जगापुढे मांडले आणि १८५९ चे वादळ किती मोठे होते याचा हिशेब लागला.

कॅरिंग्टनने ठिपके पाहिल्यापासून वादळ येईपर्यंत साडेसतरा तासांच्या आसपास गेले. आज स्फोट झाला की आठ मिनिटांत कळतो. पण येणाऱ्या लोटाचे चुंबकत्व कोणत्या दिशेचे, म्हणजे तो बाधणार की निसटून जाणार, हे तो पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरवरच्या उपग्रहांपाशी पोचल्यावरच नीट समजते. जानेवारी २०२४ पासून आपले आदित्य-एल१ तिथेच आहे. १८५९ चा सरासरी वेग धरला, तर तिथून पृथ्वीपर्यंत यायला वादळाला दहा-अकरा मिनिटे लागतील. तेवढ्या वेळात कोणती वीजवाहिनी बंद करायची हे ठरवावे लागेल.