लिस्बनच्या सभागृहातली गोव्याची खुर्ची

दादाभाई नवरोजी १८९२ मध्ये ब्रिटिश संसदेत निवडून आले, हे आपल्याकडे शाळकरी मुलालाही ठाऊक असते. पण त्यांना मते दिली ती लंडनच्या फिन्सबरीतल्या मतदारांनी. मुंबई-पुण्याच्या माणसाला त्या निवडणुकीत मत नव्हते. त्याच्या सत्तर वर्षे आधी, जानेवारी १८२२ मध्ये, गोव्यातल्या मतदारांनी लिस्बनच्या संसदेवर, म्हणजे ‘कोर्तिश’वर, आपले तीन प्रतिनिधी निवडून दिले होते. बेर्नार्दो पेरिश द सिल्व्हा आणि कोंस्तांसियु रॉक द कॉश्ता हे दोघे गोमंतकीय, तर लिमा लैतांव हे पोर्तुगीज डॉक्टर. पेशवाई बुडून तेव्हा अवघी चार वर्षे झाली होती.

हा मान गोव्याला मिळाला तो १८२० च्या पोर्तुगालमधल्या उदारमतवादी क्रांतीमुळे. पण खुर्ची मिळाली म्हणजे बोलायला मिळालेच असे नाही. लिस्बनचा प्रवास आफ्रिकेला वळसा घालून, कित्येक महिन्यांचा. आणि १८२३ मध्ये राजाने कोर्तिशच बरखास्त केली. १८२६ च्या सनदेने संसद परत आली, १८२८ मध्ये दों मिगेलच्या राजवटीने ती पुन्हा मोडली. पेरिश यांना देशोधडीला लागावे लागले.

पेरिश यांची पुढची कथा बोलकी आहे. उदारमतवादी जिंकल्यावर लिस्बनने त्यांना गोव्याचे प्रीफेक्त, म्हणजे सर्वोच्च अधिकारी, नेमले. जानेवारी १८३५ मध्ये त्यांनी सूत्रे घेतली आणि तीन आठवडेही पुरे होण्याआधी लष्कराने बंड करून त्यांना हुसकावले. त्यांनी आधी मुंबई आणि मग दमण गाठले. लिस्बनच्या सभागृहात बसणारा गोमंतकीय चालत होता. पणजीत हुकूम देणारा चालला नाही. प्रतिनिधित्व आणि सत्ता यांतले अंतर इतक्या उघडपणे क्वचितच दिसते.

त्या खुर्चीचे सर्वांत मोठे तेज दिसले ते फ्रान्सिस्को लुईस गोमिश यांच्या काळात. सासष्टीतल्या नावेलीचा हा तरुण डॉक्टर जानेवारी १८६१ मध्ये लिस्बनच्या सभागृहात उभा राहिला, तो समुद्रापारच्या प्रांतांच्या प्रतिनिधित्वाच्या हक्काचीच बाजू मांडायला. पुढे १८६६ मध्ये त्यांनी ‘ओश ब्राह्मनिश’ ही कादंबरी लिहिली. सप्टेंबर १८६९ मध्ये गोव्याकडे परतताना बोटीवरच त्यांचा अंत झाला. वय चाळीस.

हे वैभव सांगताना त्याची दुसरी बाजू झाकता येत नाही. मताचा हक्क उत्पन्नाच्या अटीने बांधलेला होता. गोव्याच्या नावाने निवडून येणाऱ्यांत पोर्तुगालमधलेही अनेक असत. नव्या काबिजादींतल्या सामान्य हिंदू कुळाला या खुर्चीचा पत्ताही नसावा. हिंदूंना नागरी समानता मिळाली ती १९१० च्या प्रजासत्ताकानंतर.

तीही टिकली नाही. १९३० च्या ‘आक्त कोलोनियाल’ने गोवा पुन्हा उघडउघड वसाहत ठरला. त्याच वर्षी जुलैत लुईश द मिनेझिस ब्रागांझा यांनी गोव्याच्या शासकीय मंडळात स्वयंनिर्णयाच्या हक्काचा ठराव मांडला. लिस्बनमध्ये मात्र सालाझारच्या राजवटीत संसद होती आणि विरोध नव्हता. १९४५ ते १९४९ या काळात नामवंत सूक्ष्मजंतुशास्त्रज्ञ फ्रोइलानो द मेलो तिथे गोव्यातर्फे बसले आणि गोमंतकीयांच्या मानाची भाषा बोलत राहिले. त्याच वर्षांत, जून १९४६ मध्ये, मडगावला डॉ. लोहियांनी सभा घेताच त्यांना अटक झाली. लिस्बनच्या सभागृहात एक गोमंतकीय बोलू शकत होता; मडगावच्या मैदानात कोणीच नाही.

मग त्या खुर्चीचा उपयोगच उलटा झाला. १९५१ मध्ये घटना बदलून वसाहतींना ‘समुद्रापारचे प्रांत’ हे नाव देण्यात आले. १९५५ मध्ये संयुक्त राष्ट्रसंघात प्रवेश मिळाल्यावर पोर्तुगालने आपल्याकडे वसाहतीच नाहीत, सारे एकाच राष्ट्राचे प्रांत आहेत, अशी भूमिका घेतली. गोमिश यांनी जी खुर्ची हक्क मागण्यासाठी वापरली, तीच आता हक्क नाकारण्याचे कारण बनली.

१९ डिसेंबर १९६१ ला हा वाद संपला. डिसेंबर १९६३ मध्ये गोवा, दमण आणि दीवमधून लोकसभेच्या दोन जागांसाठी निवडणूक झाली आणि त्या वेळी प्रथमच प्रत्येक प्रौढाला मत होते, शेतमजुराला आणि त्याच्या बायकोलाही. त्याच दिवसांत गोव्याची स्वतःची विधानसभाही निवडली गेली. गोव्याच्या वाट्याला लोकसभेत आजही दोनच जागा आहेत, १८२२ पेक्षा एक कमीच. पण प्रतिनिधित्व खुर्च्या मोजून ठरत नाही. त्या खुर्चीवर कोणाला बसवायचे हे कोण ठरवतो आणि तिथून उठून घरी आल्यावर त्या माणसाच्या शब्दाला काय किंमत असते, यावर ते ठरते. पेरिश यांना ही किंमत तीन आठवड्यांच्या आत कळली होती.